भासऱ्याने खाकरू नये

भंडारा
शुक्रवार, ७ नोव्हेंबर

चि. सौ. डिंपल हिस,
जागेश्वरचे अनेक आशीर्वाद.

इकडे सर्व ठीक. तुझी लेक तेजस्विनी वेळेवर कॉलेजात जाते आणि मोठ्या आईच्या, म्हणजे आमच्या हिच्या, पोह्यांना नावं ठेवते, म्हणजे तब्येत उत्तम. तिकडे हलकं धान कापून झालं असेल. आईचे गुडघे कसे आहेत? इथवर पत्र चारचौघांसारखं आहे.

आता दचकू नकोस. कोणी वारलेलं नाही. एवढ्या वर्षांत मी तुला उद्देशून काही बोलतोय ते हे पहिलंच. मी तुझ्या नवऱ्याचा थोरला भाऊ, तुझा भासरा. भासऱ्याने लहान बहूशी बोलू नये, तिचं नाव घेऊ नये, हा आपल्या घरचा कायदा. चहा हवा असला तर मी भिंतीला विचारायचो, "चहा मिळेल काय?" आणि भिंत चहा पाठवायची. दाराशी आलो की मी खाकरायचं, तू पदर डोक्यावर घेऊन आत जायचं. साप्ताहिकात दर आठवड्याला अख्ख्या जिल्ह्याला टोचणारा मी, घरात माझा संवाद एवढाच.

फोन केला असता. पण तुझ्या निवडणुकीच्या बॅनरवर चेहरा तुझा आणि नंबर तुझ्या नवऱ्याचा, मनिषचा. म्हणून तेजस्विनीच्या हाती पत्र. ती म्हणाली, "मोठे बाबा, आईले असं काय लिहून राहिले जे मी वाचू नाही शकत?" म्हटलं, राजकारण. "मंग राहू द्या. मले झोप येते."

तर, परवाची बैठक. सरपंचपद बाईसाठी राखीव, अर्ज दोन: तुझा आणि अंगणवाडीतल्या चंदाचा. गावाला निवडणूक नको, बिनविरोध हवी. म्हणून मारुतीच्या देवळात घरोघरच्या थोरल्यांनी उठून एकेक नाव मोठ्याने घ्यायचं. जिची नावं कमी, तिने बुधवारी अर्ज मागे घ्यायचा. आपल्या घरचा थोरला मी. मनिषचा सारखा फोन. "दादा, नाव तूच घेजो. तू नाही घेतलं तर गाव म्हणल, यायच्या घरातच फूट हाय."

मी "येतो" म्हणालो. "घेतो" म्हणालो नाही. त्याच्या ते लक्षात आलं नाही.

सध्या मी नागपूरच्या एका प्रकाशकासाठी अमेरिकेतल्या जुन्या निवडणुकांवरचं पुस्तक मराठीत करतोय. दोनशे वर्षांपूर्वीचं व्हर्जिनिया राज्य, तिथून त्यांच्या संसदेवर माणसं निवडून जायची. तेव्हा चिठ्ठी नव्हती, पेटी नव्हती. एप्रिलात कोर्टापुढच्या पटांगणात टेबल मांडायचं, सरकारी अंमलदार मधे, उमेदवार बाजूला खुर्चीवर. मतदाराचं नाव पुकारलं की त्याने पुढे येऊन सगळ्यांदेखत सांगायचं, माझं मत अमक्याला. कारकून लिहून घ्यायचा. मग तो अमका उठून त्या माणसाचे तिथल्या तिथे आभार मानायचा, आणि दुसरा उमेदवार ते बघत बसायचा. दारू पाजायला कायद्याने बंदी होती, म्हणून ती भरपूर पाजत. हे वाचून मला परकं वाटलं नाही.

मत फक्त जमीनवाल्या गोऱ्या पुरुषांना. बाई नाही, गुलाम नाही, भूमिहीन नाही. तेव्हा त्यांचं कौतुक करायला मी तुला लिहीत नाही. एक गोष्ट मात्र डोक्यातून जात नाही: उमेदवार तिथे स्वतः बसायचा. ज्याचं नाव, त्याचं तोंड. आपल्याकडे उमेदवार घरी चहा ठेवते आणि तिचा नवरा देवळात हात जोडतो.

लिहिताना सारखा उठतोय. खिडकी लावली, उघडली, पंखा बंद केला. मुद्द्याच्या अलीकडे बरंच फिरून झालं.

दिवाळीत मी घरामागच्या वाडीतून आलो आणि खाकरायचं विसरलो. अंगणात बचत गटाच्या बाया होत्या, विषय तळ्याचं पाणी आधी कोणाच्या धानाला. तू म्हणत होतीस, "बोडीचं पाणी सुटलं का पहिले मोठ्या लोकाइच्याच बांधीत कायले जाते? तलाव का त्यायच्या लग्नात आंदण आला होता?" बाया हसल्या. कोणी म्हणालं, मनिषभाऊले विचारून पाहू. तू म्हणालीस, "त्यायले कायले? अर्ज माहा हाय."

हा आवाज आपल्या घरात राहतो हे मला माहीत नव्हतं. मग मला कायदा आठवला, मी खाकरलो, आणि अंगण रेडिओ बंद केल्यासारखं झालं.

म्हणून मी "घेतो" म्हणत नाही. मी डिंपल म्हटलं तरी गाव मनिष ऐकेल. तो भाऊ म्हणून चांगला आहे. पण सरपंचबाई म्हणून मला चालणार नाही. चंदा निदान स्वतः बोलते. रविवारी मी उठून बोडीच्या पाण्याचं विचारीन, थेट तुला. तू उत्तर दिलंस तर तुझं नाव. मनिषने दिलं तर चंदाचं. मग तो माझ्याशी बोलणं टाकेल, आई तर टाकेलच, आणि ते घर मला बाहेरूनच बघावं लागेल. हे मला दिसतंय.

इथेही अट मीच घातली, हेही दिसतंय. खोडायला गेलो, पण मग पत्रात पोहेच उरले.

माझ्याकडून एक वचन: परवा मी खाकरणार नाही.

जागेश्वर


मंगळवार, ११ नोव्हेंबर

ती. मोठे भाऊजींस,
डिंपलचा नमस्कार.

आईंचे गुडघे दुखतात, तोंड चांगलं आहे. तुम्ही रविवारी न जेवता बस धरली म्हणून लिहीत आहे. तुम्ही देवळात होते, पण सारा वेळ मान खाली होती. तुम्हाले जे दिसलं नाही ते सांगते.

तुम्ही प्रश्न मले नाही विचारला. खांबाले विचारला. हे उठले, "दादा, त्याचं असं हाय..." मी म्हटलं, "तुम्ही बसा. अर्ज माहा हाय." मग मी सांगितलं, पाणी पाळीपाळीनं सुटल, एक साल पहिल्या बांधीपासून, एक साल शेवटच्या. पुढे बसलेल्या मोठ्या लोकाइची तोंडं तुम्ही पाहायला पाहिजे होती.

मग आपल्या घराची पाळी आली. तुम्ही उठले. तोंड उघडलं. नाव येईना. आणि तुम्ही खाकरले.

भाऊजी, साऱ्या बायांचे हात डोक्यावर गेले. माझाही गेला. चंदाचाही गेला, तिचे तर तुम्ही कोणी लागत नाही. मागून आई म्हणाल्या, "जागेश्वर आला वाटते, सरका." सारं देऊळ हसलं. मीही हसली असती, पण पदर हातातच होता, आणि मले तुमचा तो खुर्चीवाला उमेदवार आठवला. तो का तोंड झाकून बसत होता? मी पदर खाली घेतला. म्हटलं, "खाकरून झालं असल तर नाव सांगा, भाऊजी."

तेव्हा कोणी हसलं नाही. आई तर बिलकुल नाही.

तुम्ही म्हटलं "डिंपल," पण इतक्या हळू की लिहिणाऱ्यानं विचारलं, कोण? मग तुम्ही ओरडून म्हटलं. लग्न झाल्यापासून ह्या घरातल्या माणसानं माझं नाव एवढ्या मोठ्यानं कधी घेतलं नव्हतं. मी उठून सगळ्यांदेखत तुमचे आभार मानले, तुमच्या व्हर्जिनियावाल्यांसारखे. तोपर्यंत तुम्ही चपला शोधून राहिले होते.

तुम्ही गेल्यावर मोजणी झाली. चंदाची नावं जास्त. पण मी म्हटलं, ही नावं थोरल्यांची आहेत, बायांनी अजून सांगितलंच कुठं? मी अर्ज मागे नाही घेत. चंदा माझ्या कानात म्हणाली, "बरं केलं वं. बिनविरोधात काय मजा?" आता मशीन लागल. तिथं तुम्ही तिचं बटन दाबलं तरी मले समजणार नाही. पण तोंडानं म्हटलं ते म्हटलं.

बॅनरवर आता माझा नंबर आहे. ह्यांनी माझ्याशी बोलणं टाकलं. सकाळी भिंतीकडे पाहून म्हणत होते, "चहा मिळेल काय?"

मी भिंतीले उत्तर देऊ दिलं. अजून वाट पाहून राहिले आहेत.

तुम्ही लवकर या. समोरच्या दारानं, घसा साफ करून, म्हणजे दाराशी करावा लागणार नाही.

डिंपल