एक्साइज न भरलेला पेरू

निपाणी,
मंगळवार

चि. बाहुबली यास,

जयजिनेंद्र. आक्काचा आशीर्वाद. तुझा उजवा गुडघा कसा आहे? जिना चढताना अजून कुरकुरतो का? आमच्या भावजयीची, पूर्णिमाची, शुगर उतरली का, की लग्नाच्या पंगतीत पुरणाची होळगी दिसली की तिला शुगरचा अजून विसरच पडतो? शेजारच्या मारुतीरावांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं म्हणे. (आता त्यांना तुझा पेपर नीट वाचता येईल, म्हणजे तो परत मिळायची आशा सोड.) तुझ्या अभिनंदनची तब्येत मात्र तुला विचारत नाही. तो माझ्याकडंच आहे. बरा आहे, पोटभर जेवतो, जेवताना मध्येच दाराकडं बघतो.

तुला कुणीतरी फोनवर सांगितलं की तुमचा पोरगा निपाणीच्या पोलीस ठाण्यात बसलाय, आणि तू "माझ्या दारात पाय ठेवायचा न्हाय" म्हणून मोकळा झालास. अरे, तुझ्या हाती त्या बातमीची नुसती शेपटी आली. बाकीचं जनावर मी सांगते.

अभिनंदन आला तो एक पिशवी घेऊन. आत रंगीत नळ्या, मुलांच्या स्केचपेनासारख्या. कुणा मित्रानं दिलेल्या. म्हणाला, "आत्या, तुझ्या विडीच्या दुकानात ठेव. कॉलेजची पोरं मागत्यात. तंबाखू न्हाय, नुसती वाफ हाय." आता तंबाखूच्या घरात चाळीस वर्षं काढलेल्या बाईला माल नाकाला लावल्याशिवाय चैन पडतं का? मी एकेक उघडून हुंगली. एक आंबा, एक कलिंगड, एक पेरू. (पेरू कच्चा होता.) पण मामंजींची शिकवण तुला ठाऊक आहे. त्यांच्या काळात एक्साइजच्या शिपायानं वजन करून पास दिल्याशिवाय तंबाखूचं पान रानातनं हलायचं नाही. नवा माल आला की आधी सरकारला दाखवायचा, मग उंबरा ओलांडायचा. म्हणून पोरगा झोपलेला बघून मी सगळ्या नळ्या जुन्या लुगड्याच्या धडप्यात बांधल्या आणि सकाळीच ठाण्यात जाऊन साहेबांपुढं गाठोडं सोडलं. म्हटलं, "ह्याची एक्साइज कुठं भरायची?"

साहेब धारवाडकडचे, तरणे, मराठी मोडकं पण मन चांगलं. त्यांनी आधी गाठोड्याकडं बघितलं, मग माझ्याकडं. म्हणाले, "अज्जी, ही ई-सिगारेट. ह्याला एक्साइज न्हाय, ह्याला जेल हाय. इकायचं न्हाय, साठवायचं न्हाय, जाहिरात करायची न्हाय. २०१९ पास्नं सगळ्या देशात बंद." मी विचारलं, मग माझ्या दुकानातली विडी? ती चालते म्हणाले, फक्त आपल्या कर्नाटकात आता एकविसाच्या आतल्याला द्यायची नाही आणि शाळेजवळ मांडायची नाही. म्हणजे धूर चालतो आणि वाफ चालत नाही, असं कसं? यावर साहेबांनी माझ्यासाठी चहा मागवला. तेवढ्यात दोन हवालदारांनी नळ्या हुंगायला घेतल्या होत्या आणि आंबा हापूस की पायरी यावर दोघांची जुंपली होती. साहेब म्हणाले, हा माल आम्ही धाडी घालून पकडतो, गाठोडं बांधून आणून देणारी तुम्हीच पहिली.

मी हसले, पण तिथला लेखनिक माझं नाव विचारायला लागला तेव्हा मी गाठोडं परत बांधायला घेतलं. आणि बाहुबली, तेवढ्यात तुझा पोरगा रिकामी पिशवी हातात घेऊन अनवाणी धावत आत आला. घाम पुसायलाही थांबला नाही. "सायेब, माल माझा हाय. आत्याला काय म्हाईत न्हाय. तिला घरी जाऊ दे." (काय माहीत नाही म्हणजे? पेरू मीच ओळखला होता.) घरात लपून राहिला असता तर त्याचं नाव कुणी घेतलं नसतं, मी तर मेले तरी घेतलं नसतं. त्यानं स्वतः येऊन घेतलं. माल जप्त झाला, जबाब झाला, कायद्यानं व्हायचा तो दंड झाला, भरला. ठाण्यात बसला होता तो असा बसला होता. हे तुला फोनवाल्यानं सांगितलं का?

आता तो दुकानात बसतो. परवा एका मिसरूड फुटलेल्या पोराला आधार कार्ड मागत होता. पोरगा म्हणाला, विडी माझ्या आज्याला पाहिजे. हा म्हणाला, मग आज्याचं आधार आण. माझं गिऱ्हाईक तुटतंय, पण ऐकायला बरं वाटतं.

तुझी,
धोंडूबाई आक्का

ता. क. साहेबांनी जाता जाता मलाही मिश्री सोडायला सांगितलं. मी सोडली आहे. संध्याकाळची.

ता. क. पेरूची एक नळी मी ओढून बघितली होती. साबण खाल्ल्यासारखं लागतं. अभिनंदनला सांगू नको.

ता. क. पाकिटाला तिकीट नाही हे तू बघितलंच असशील. ज्यानं आणून दिलं तो अजून दारातच उभा असेल, चप्पल काढू की नको करत. तू बोलावलंयस असं मी त्याला सांगितलंय. म्हातारपणी मला खोटं पाडू नको. आत घे, आणि उत्तर लवकर लिही. पण ते पोस्टानं धाड, त्याच्या हाती नको.