लाल शाईतली खरी नक्कल

घडियाळी पोळ, बडोदे
गुरुवार

ती. विश्वासराव यांस,

बाळकृष्णाचा नमस्कार. तुमचा गुडघा आणि वहिनींची साखर दोन्ही आटोक्यात असतील अशी आशा आहे.

ताजी बातमी अशी, की माझे अपील नऊ दिवस उशिरा दाखल झाले. तिला तिघांचा दुजोरा आहे: सेशन्स कोर्टाच्या खिडकीवरचे कारकून, आमची वकील अवंती (शेजारचीच पोरगी), आणि तुमची बहीण शालिनी, जिने कॅलेंडरवर बोट ठेवून दोनदा मोजले.

खटला तुम्हाला ठाऊक आहे. आमच्या पोळीच्या, म्हणजे गल्लीच्या, तोंडाशी मी स्कूटर उलट्या बाजूने घातली, दिनकररावांच्या पायाचे बोट मोडले आणि खालच्या कोर्टाने महिन्याची साधी कैद दिली. अपिलाला मुदत तीस दिवस. निकालाची खरी नक्कल, म्हणजे कोर्टाची शिक्क्याची प्रत, घरी आली आणि माझ्यातला उपसंपादक (अडतीस वर्षे नोकरी, निवृत्त होऊन आठ) जागा झाला. माझे वय ६८ ऐवजी ८६, स्कूटरच्या नंबरात एक आकडा जास्त, आणि एके ठिकाणी तर स्कूटर दिनकररावच चालवत होते! मी लाल पेनाने सतरा चुका सुधारल्या, समासात खुणा केल्या, एक परिच्छेद वर घेतला (तो तिथेच शोभतो). एवढ्या चुका म्हणजे आपण सुटलोच, अशा ऐटीत एकोणतिसाव्या दिवशी ती प्रत अवंतीपुढे ठेवली.

"काका, आ शुं कर्युं! ही कोर्टाची प्रत आहे, तुमच्या छापखान्यातली नाही."

"अगं, पण यातल्या चुका?"

"कारकुनी आहेत. साहेब एका ओळीत दुरुस्त करतील. त्या चुकांमुळे तुमचा बचाव बुडाला असता तर गोष्ट वेगळी. बोट तर तुम्हीच मोडलंत ना?"

रंगवलेली नक्कल खिडकीवर घेईनात, नवी मागवावी लागली. म्हणजे कोर्टाच्या सतरा चुका एका ओळीत मिटणार, आणि माझ्या एका चुकीसाठी मी नऊ दिवसांचा दिवसवार खुलासा प्रतिज्ञापत्रावर द्यायचा. अडतीस वर्षांत एकही पान उशिरा सोडले नाही, असे मी सुरुवातीलाच लिहिले होते. अवंतीने ते खोडले. म्हणाली, याने साहेब जास्त चिडतील.

सोमवारी सुनावणी आहे. उशीर माफ झाला तर अपील चालेल, नाही तर महिनाभर आत.

आपला,
बाळकृष्ण

ता. क. आठ दिवस नवी नक्कल मिळण्यात गेले, ते लिहून झाले. ती तयार झाल्याचा फोन आला तेव्हा मी सावली गावी तुमच्या शेतावर शेव घालून पोंक (इकडचा हुरडा) खात होतो. त्यात नववा दिवस गेला. त्या दिवशी तुमच्या छातीत दुखले म्हणून मी थांबलो, असे लिहून द्याल का? मेहुण्यासाठी एवढे दुखणे जड नाही.

ता. क. २ (शालिनीच्या अक्षरात): दादा, खोटे काही लिहून देऊ नकोस. पोंक तिसऱ्यांदा यांनीच मागितला होता. अवंतीने तेच प्रतिज्ञापत्रात घातले आहे. ती म्हणते, खरे आहे तेच टिकेल. तू सोमवारी साडेदहाला कोर्टात ये, सातबारा आण, जामीन लागेल. पाकीट मीच टपालात टाकते आहे, म्हणून सांगते: यांचे दोन जोड कपडे आणि रक्तदाबाच्या गोळ्या मी बांधून ठेवल्या आहेत. यांना हे कळू देऊ नकोस.