एक मूठ, दोन नावं

जळगाव, १२ ऑगस्ट १९३२
मूकपटाची गोष्ट पक्की झाली. बोलपट आले म्हणून लोक मला हसतात. हसोत. मुंबईच्या मिस्त्रीने भंगार ठरवलेला कॅमेरा मी कुणाला न विचारता चालू केलाय. कथानक : एकजण कानबाई देवीपुढे मेलेला भाऊ परत मागतो. भाऊ येतो, पण जात नाही. शेवटी त्याला कुऱ्हाडीने तोडावं लागतं. थोरला भाऊ मी. कॅमेऱ्याचं हँडल माझा चि. विनू फिरवणार. मेलेल्याचं काम करायला मात्र गावात कुणी तयार नाही.

१३ ऑ., शनि.
अंगणात सीन घेतला. कानबाईच्या रोटांसाठी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू काढतात, तोच. घरचीच पूजा, घरचेच गहू. सोंग मला चालत नाही.
सौ.ने सवयीने विनूचं नाव घेऊन मूठ सुपात टाकली. गोष्टीत तिथे मेलेल्या भावाचं नाव हवं. तेच गहू परत उचलायला लावले, माझ्या धाकट्या भावाचं, कै. रघूचं नाव घे म्हणालो. विनू हसला, "आबा, मूकपट आहे. ओठ वाचायला कोण बसलंय?" मी म्हटलं, धुळ्यात खेळ लावला की एखादा तरी बसेल.
सौ. अडून बसली. "एक मूठ, दोन नावं? आसं कोनी करस का? विनूले नवी मूठ काढू द्या." नाही काढू दिली. सुपातला ढीग वाढला असता, आधीच्या फिल्मच्या तुकड्याशी जुळला नसता.

१४ ऑ., रवि.
रोट झाले, खाल्ले. कॅमेऱ्यापुढे हात जोडून मोठ्याने म्हणालो, गेलेला परत येऊ दे. आवाज भरून आला. उत्तम सीन.

१८ ऑ.
भर दुपारी फिल्म धूत होतो. रघू दारात. दोन वर्षांपूर्वी जिनिंग मिलच्या पट्ट्याने उजवा हात खांद्यातून ओढून नेला आणि त्यातच तो गेला, तसाच. बाही रिकामी, ओली.
"भाऊ, मन्हं ताट कोठे शे?"
सौ.ने वाढलं. भाकरींची टोपली रिकामी केली त्याने. विनू शेजारी बसून घास गिळू शकेना.
घाबरलो, हे खरं. पण मेलेल्याचं काम करायला माणूस मिळाला, हेही मनात आलंच.

२१ ऑ.
रघू खातो, विनू वाळतो. गालफडं बसली पोराची. ठरवलं, शेवटचा सीन आजच घ्यायचा. चित्रपटही पुरा होईल, हेही संपेल. कुऱ्हाड खरी.
विनू म्हणाला, "आबा, काका आहे तो." मी म्हणालो, हँडल थांबवू नकोस.
डाव्या खांद्यावर घाव घातला. पातं रुतलं, हाड लागलं. रघू नुसता बघत राहिला, रक्ताचा थेंब नाही. मागे हँडल थांबलं. वळलो तर विनू कॅमेऱ्याच्या तिकाटण्याखाली पडलेला. डावा खांदा उघडा, आतलं हाड पांढरं. कॅमेऱ्याच्या भिंगावरसुद्धा रक्त.
सौ. पदराने जखम दाबत एवढंच म्हणाली, "मूठ एकच व्हती."

२४ ऑ.
डॉक्टरांनी टाके घातले. तेच टाके रघूच्या खांद्यावर. रघूला जो उजवा हात नाही, तोच आता विनूचा काळा पडतोय, बोटांपासून वर. डॉक्टर म्हणतात, कापावा लागेल. सांगू काय त्यांना?

२७ ऑ.
सौ. उद्या पुन्हा सूप घेऊन बसणार. विनूची मूठ वेगळी काढायची म्हणते. मग रघूची? काढली तर तो कायमचा घरचा. नाही काढली आणि तो गेला, तर विनूला ठेवून जाईल का? ती विचारते. मला, ज्याला सगळं येतं.
कॅमेऱ्याला हात लावलात तर तुमचाच हात तोडीन, असंही म्हणाली.

२८ ऑ., रवि.
विनूची मूठ निघाली. त्याने डोळे उघडले, पाणी मागितलं. काळेपणा कोपरावर थांबलेला. नक्की थांबलाय की नाही, आत्ताच कळत नाही.
सौ.चा हात गव्हांवर थांबलाय. रघू येऊन सुपाशी बसला. डावी मूठ उघडली. आत गहू, लाल, चिकट.
"वैनी नको," म्हणाला. "भाऊ, मन्हं नाव तूच ले."