बिनतिखटाची तेहतीस वर्षं

१ मार्च, मंगळवार

सव्वासातला बूट घालून दारात उभा राहिलो. मग आठवलं — काल निवृत्त झालो!

हिने पेपरातून मान वर न करता विचारलं, "कुठे निघालात? कंपनीने जीभ परत दिली ना काल?"

दिली खरी. छत्तीस वर्षं चहाच्या कंपनीत चहा चाखला. घोट घ्यायचा, सुर्रकन टाळूवर उडवायचा, थुंकायचा, पुढचा कप. दिवसाला दोनशे कप, गिळायचा एकही नाही. त्या जिभेसाठी घरात तिखट बंद. लसूण बंद, कच्चा कांदा बंद. दोन माणसांचे दोन स्वयंपाक कोण करणार? म्हणून हिचंही बंद.

हेच मला कायम टोचत आलंय. लग्न ठरलं तेव्हा हिच्या मावशीने मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "आमच्या पोरीला गोडगोड जमत नाही हो. तिखट म्हणजे तिखट!" आणि अशा मुलीला मी तेहतीस वर्षं उकडलेले बटाटे खायला लावले. त्याबद्दल कधी एक शब्द बोलली नाही. एरवी हिच्या जिभेला हाड नाही. आमच्या साहेबांना भर समारंभात म्हणाली होती, तुमचा टाय सुतळीसारखा दिसतोय. पण जेवणाबद्दल अवाक्षर नाही.

आता सवड आहे. स्वयंपाक मी करणार. आणि तिखट करणार.

३ मार्च

लेकीला फोन केला. तिखट, पण मला जमेल असं काहीतरी सांग म्हटलं. ती आधी पोटभर हसली. मग म्हणाली, "बाबा, चिली कर. बीन्सची, मेक्सिकन राजमाच म्हण. एकच पातेलं लागतं, आणि बिघडली तरी कळत नाही."

यादी लिहून घेतली. राजमा, टोमॅटो, कांदा, लसूण, ढोबळी मिरची, जिरं, सुक्या लाल मिरच्या. शेवटी चमचाभर कोको! कोको का, तर "तू घाल, विचारू नकोस."

हिला सांगितलं, रविवारी स्वयंपाकघरात फिरकायचं नाही. माझ्याकडे बघत राहिली. "विमा भरलाय ना?" म्हणाली.

६ मार्च, रविवार

राजमा आदल्या रात्री भिजवायचा असतो हे लेकीने सांगितलं नाही. तिचं म्हणणं, हे कुणालाही सांगावं लागत नाही.

दहाला शिजत घातला. एकला नखाने दाबून बघितला — नख वाकलं. साडेतीनला जेवलो. टोमॅटोचा रस्सा आणि त्यात गोट्या. मिरची अर्धीच घातली होती, कारण मला स्वतःलाच भीती वाटत होती. तरी कानांतून वाफा निघाल्या. चव बघताना सवयीने सुर्रकन ओढलं आणि सिंकमध्ये थुंकलं. ही दारातून बघत होती. "अहो, तो चहा नव्हे. गिळा."

गिळलं. जिभेचं बारसं झालं म्हणायचं.

७ मार्च

निरोपाच्या दिवशी कंपनीने दिलेला डबा आज फोडला. आमची सगळ्यात वरची प्रत. शेवटच्या आठवड्यात मीच चाखून पास केलेली. हिने एक घोट घेतला आणि कप खाली ठेवला. "याला धूर लागलाय."

मला हसू आलं. वरच्या प्रतीला धूर! मी दोन कप प्यायलो, मला काही लागलं नाही. चाखायला शिकलेली जीभ वेगळी, नुसती असलेली वेगळी. तसं मी तिला समजावूनही सांगितलं. ती "बरं" म्हणाली. हिचं "बरं" कधीच बरं नसतं.

१३ मार्च, रविवार

जमली!

राजमा काल संध्याकाळीच भिजवला होता. लोण्यासारखा शिजला. जिरं कंपनीच्या छोट्या काट्यावर तोललं — पाच ग्रॅम. अख्खी एक मिरची तव्यावर शेकली, गरम पाण्यात भिजवली, वाटली. कोको घातल्यावर रस्सा असा गडद झाला की मी पातेल्याकडे बघतच बसलो.

हिने पहिला घास घेतला. डोळ्यांत टचकन पाणी आलं. पावाचा तुकडा मोडून खात राहिली. मलाही भरून आलं. तेहतीस वर्षांनी!

१६ मार्च

वाण्याने विचारलं, "मिरच्या कमी तिखट देऊ का, काका?" त्याला म्हटलं, माणसं ओळखायला शीक.

२० मार्च, रविवार

दोन मिरच्या. शेकताना असा ठसका उठला की वरच्या मजल्यावरचे मास्तर खाली बघायला आले. खोकतच म्हणाले, "आग लागलीय की काय?" एक वाटी देऊन त्यांना परत पाठवलं.

एक गोष्ट कबूल करतो, इथे दुसरं कोण वाचणार आहे. मला हे आवडायला लागलंय. आधी जिभेवर आग, मग नाक गळतं, मग डोकं असं हलकं होतं की वाटतं खिडकी उघडली. छत्तीस वर्षं लोक हे रोज खात होते आणि मी कोमट पाणी थुंकत होतो.

ही पूर्ण वाटी संपवते आणि लगेच झाडांना पाणी घालायला गॅलरीत जाते. बराच वेळ घालते. गॅलरीत कुंड्या तीनच आहेत. हल्ली दहीही फार आणते. विचारलं तर म्हणाली, केसांना लावायला.

२४ मार्च, गुरुवार

साहेबांचा फोन आला. दर गुरुवारी येऊन बसाल का? नवी पोरं तयार होईपर्यंत एक भरवशाची जीभ हवीय.

छाती फुगली, खोटं कशाला बोलू. पण सांगितलं — जीभ आता घरच्या कामाला लावलीय, मिरची खातो. ते हळहळले. मग जरा अडखळत म्हणाले, "एक सांगू का, फेब्रुवारीची ती वरची प्रत परत आली हो. भट्टीचा धूर शिरला होता. कुणाच्याच लक्षात आलं नाही."

कुणाच्याच म्हणजे माझ्या. पास मी केली होती. तेव्हा मिरचीचं निमित्तही नव्हतं.

फोन ठेवला. वाईट वाटलं, फार वाटलं. मग राजमा निवडायला घेतला. हिला यातलं काही सांगितलं नाही.

२७ मार्च, रविवार

तीन मिरच्या! आजवरची सगळ्यात उत्तम. कांदा नीट लाल होईपर्यंत परतला, घाई केली नाही.

हिला विचारलं, कशी झालीय? म्हणाली, "सुंदर."

सुंदर! ही लेकीच्या लग्नातल्या सजावटीला "ठीक" म्हणाली होती.

२९ मार्च, मंगळवार

दुपारी हिच्या मावशीचा फोन आला. वय ब्याऐंशी, आवाज खणखणीत. ही बाजारात गेली होती म्हणून मीच बोललो. मोठ्या ऐटीत सांगितलं — तुम्ही तेव्हा म्हणाला होतात ना, पोरीला तिखट लागतं, आता दर रविवारी खाऊ घालतोय. तीन मिरच्यांपर्यंत आलोय.

मग मावशी इतक्या हसल्या की मला वाटलं त्यांना काही झालं.

"अहो जावईबापू! खायला नव्हे हो, बोलायला तिखट! तुम्ही साधे दिसलात, म्हणून सावध केलं तुम्हाला. तिखट ती कुठली खाते? लहानपणी भाजीत मिरचीचा तुकडा दिसला तरी ताटावरून उठायची."

चार रविवार. चार वाट्या. मूग गिळून गप्प बसणं म्हणतात, हिने राजमा गिळला. आणि मी समोर बसून तिच्या डोळ्यांतलं पाणी बघून खूश होत होतो. लाज वाटली. मग हसू आलं. मग पुन्हा लाज वाटली.

कळत नाही ते एकच — साहेबांच्या टायला सोडलं नाही जिने, तिने मला का सोडलं?

३० मार्च

दही केसांना लावत नाही. आज खात्री केली.

२ एप्रिल

बेत ठरला. काही बोलायचं नाही. मिरची गुपचूप कमी करायची, रंगाला लाल ढोबळी मिरची वाटून घालायची. दिसायला तशीच दिसेल. तिचा मान राहील, माझाही राहील.

३ एप्रिल, रविवार

मिरची चिमूटभर. रंग झकास. वाटी पुढे ठेवली आणि मुद्दाम म्हटलं, "आज जरा जपून हं. चार घातल्यात."

हिने चमचा तोंडात घेतला. मग चमचा खाली ठेवून शांतपणे म्हणाली, "मिरची आज जवळपास नाहीच. जिरं एका बाजूने करपलंय. कोको दुसऱ्या कंपनीचा आहे. आणि मावशीचा फोन येऊन गेलाय."

कोको खरंच दुसऱ्या कंपनीचा होता. जिरं करपलेलं मला लागलंही नव्हतं.

विचारलं, "सांगितलं का नाहीस?"

"काय सांगू? लग्नाला तेहतीस वर्षं झाली. पहिल्यांदा माझ्यासाठी ओट्याशी उभे राहिलात. काट्यावर जिरं काय तोलताय, राजमा काय निवडताय! तिथे तोंड भाजलं म्हणून कुठे सांगत बसू?"

मग मी मनातलं सगळं बोलून टाकलं. बटाटे, मावशी, तेहतीस वर्षांची टोचणी. तिने ऐकून घेतलं. पुढ्यातली वाटी ओढून पोटभर खाल्ली, पहिल्यांदाच डोळे कोरडे ठेवून.

"अहो, माझ्या माहेरी सगळे मिरच्या चावून खायचे आणि मला हसायचे. घरात तिखट चालत नाही असं स्थळ आलं तेव्हा मी आतल्या खोलीत नाचले होते. नाहीतर तुमच्याशी लग्न कशाला केलं असतं? रूप बघून?"

जीव भांड्यात पडला. भांडी मीच घासली.

४ एप्रिल

सकाळी एक गोष्ट सुचली आणि चहा तसाच गार झाला. घरात तेहतीस वर्षं तिखट बंद होतं ते काही माझ्या एकट्याच्या जिभेला नव्हे. तेच ताट हिनेही खाल्लं. तेच बटाटे. आणि धूर तिला लागला होता, मला नाही.

तिला धुराची हकिकत सांगितली. लेक्चर दिल्याबद्दल माफी मागितली. ती "बरं" म्हणाली. हे मात्र खरंच बरं होतं.

मग साहेबांना फोन केला.

७ एप्रिल, गुरुवार

हिला घेऊन कंपनीत गेलो. साहेबांनी चौदा कप मांडले होते. सुर्र करायला तिने नकार दिला. "शोभत नाही," म्हणाली. नवव्या कपापाशी थांबली. "हा साबणाशेजारी ठेवला होता कुणीतरी." गोदामात विचारलं. त्या पेटीशेजारी साबणाचीच खोकी होती. तोच कप मी घेतला. मला छान लागला.

सोमवारपासून तिला कामावर बोलावलंय. घरात तिखट बंद.