रेडे पडेपर्यंत

रांतेपाओ,
९ जुलै २००२

प्रिय अल्लोदादा,

तुझं पत्र पोचलं. आम्ही बरे आहोत. कॉफीला यंदा फळ चांगलं धरलंय, छपराचे बांबू मात्र बदलायला झालेत.

आई आजारी आहे. तीन आठवड्यांपूर्वी तिचा श्वास थांबला. तिच्या नावाचे बळीचे रेडे पडेपर्यंत आपल्यात ती आजारीच, हे बाप्तिस्मा घेतलास तरी तू विसरला नसशील. दक्षिणेच्या खोलीत निजवलीय. सकाळी कॉफी ठेवतो, "आई, पाऊस थांबलाय" म्हणतो. कड्यावर ठेवायचा तिचा पुतळा मीच कोरतोय, फणसाच्या लाकडात. नाक जमलंय, डोळे राहिलेत.

तू लिहितोस, बालीतल्या एका दुकानात बाबांचा कड्यावरून चोरीला गेलेला पुतळा सापडला, खरे बाबा घेऊन येतोय. खरे कुठले रे? तो पहिला कोरताना डुकरं कापली, मंत्र म्हटले. चोरीनंतर मी घाईत दुसरा कोरला, तो नुसतं लाकूड. पण तेरा वर्षं आई कड्याखाली उभी राहून त्याच्याशीच बोलली. म्हणायची, "कान काही ह्यांचे नाहीत. पण ऐकतात तरी! जिवंतपणी कुठे ऐकत होते?" बायका हसायच्या. मग हळूच त्याला सांगायची, "अल्लोला परत पाठवा. चोर असला तरी माझाच आहे."

तू बाबांना लाकडाची बाहुली म्हणाला होतास, म्हणून चोरी झाल्यावर सगळ्यांनी तुझ्याकडेच बोट दाखवलं. आई म्हणाली, "तोंड दाखवू नकोस." तुला बसस्टँडवर सोडायला मी आलो. मोटारसायकल कोरी होती. कॉफी विकून घेतली म्हणालो, तू मानलंस.

दादा, बाजाराच्या दिवशी, भर दुपारी, शिडी लावून बाबांना मीच काढलं. लाकूडच तर आहे, असं मीही मनाला सांगितलं. उतरताना त्यांचा हात माझ्या मानेला लागला. तरी थांबलो नाही.

आजारी माणसाला ऐकू येतं, असं आपण मानतो. रेडा पडला की ती गेली. तीन आठवडे मी कॉफी ठेवतोय आणि पावसाचं बोलून उठतोय. बारा ऑगस्टला रेडे आहेत. त्याआधी बाबांना घेऊन ये. गावासमोर सांगेनच, पण आधी आईला सांगायचंय, आणि तू शेजारी असल्याशिवाय माझ्या तोंडून शब्द निघणार नाही. तू चोर नाहीस, एवढं तरी तिने ऐकून जावं.

बाबांना कड्यावरून उतरवणारा,
तुझा साम्पे