मामूंच्या बादलीची बारावी कॅसेट

अल मन्सूरा, दोहा
मंगळवार

आदरणीय युसुफमामूंना फुजैलचा सलाम,

डिस्कवरून काहीही परत येणार नाही, असं आमच्या स्टुडिओतल्या तबिशने काल दुपारी पक्कं सांगितलं. बातमी आधी आणि खुशाली नंतर, याबद्दल माफ करा. तुमचा गुडघा कसा आहे, मामी अजून तुम्हाला एकट्याने बाजारात जाऊ देत नाही का, हेही कळवा.

तुमच्या जुन्या कंपनीचे वॉल्टरसाहेब (आता पंच्याऐंशी वर्षांचे, हातात काठी) अकरा कॅसेटी घेऊन आले होते. दोह्याजवळच्या वक्रा गावाच्या वाळूत तेव्हा ते कंपनीवाले हेल्मेट घालून, लांबट चेंडू काखेत धरून जो अमेरिकन फुटबॉल खेळत, त्याचं चित्रण. ते कॉम्प्युटरवर उतरवून जपायचं काम माझ्याकडे आलं. मी आनंदात होतो, कारण तुम्ही नऊ वर्षं कतारमध्ये काढूनही इथला तुमचा एक फोटो नाही, आणि तुम्ही मैदानावर होतात यावर नातवंडं विश्वास ठेवत नाहीत, हे तुम्ही दर ईदला ऐकवता.

मामू, हा खेळ पाच सेकंद चालतो आणि मग सगळे मिनिटभर नुसते उभे राहतात. मी रत्नागिरीत बारा वर्षं लग्नांच्या व्हिडिओवर हात बसवलेला माणूस. जेवणाची वाट बघत बसलेले पाहुणे कापायचे, हार ठेवायचे, आणि फायनल झाली की बाकीचं पुसून टाकायचं, हीच आमची शिस्त. मी सगळं उभं राहणं कापलं. तीन तासांचा प्रत्येक सामना अकरा मिनिटांत बसवला, वर सनईही टाकली. मग डिस्कवरचं मूळ चित्रण पुसलं आणि बुरशी आलेल्या कॅसेटी कचऱ्यात दिल्या.

वॉल्टरसाहेबांनी सगळं शांतपणे पाहिलं. (सनईबद्दल काही बोलले नाहीत.) शेवटी विचारलं, “युसुफ कुठाय?” खेळ थांबला की तुम्ही पाण्याची बादली घेऊन आत यायचात म्हणे, आणि ते सगळे तुमच्याभोवती जमायचे. म्हणजे अकराही सामन्यांतून मी नेमकं तुम्हालाच वेचून काढलं होतं. तबिश म्हणाला, “फुजैलभाई, तुमच्याकडे टेस्ट मॅच देऊ नये, चहा व्हायच्या आत उरकाल.” मला हसू आलं नाही. तेव्हापासून ते अकरा मिनिटांचे तुकडे मी रोज बघतो. एकात कडेला बादलीची कडी दिसते. हात दिसत नाही.

तुमचा गुन्हेगार भाचा,
फुजैल

ता. क. साहेबांच्या जुन्या यादीत कॅसेटी बारा आहेत. बारावीपुढे लिहिलंय : ‘युसुफने नेली, परत नाही.’

ता. क. २. अम्मीच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये निकाहनंतर हेल्मेटवाले धावत येतात. लहानपणी मला ते अब्बांकडचे पाहुणे वाटायचे. तिथे आलं की तुम्ही घाईने टीव्ही बंद करायचात, ते का, हे आज कळलं : लग्न त्याच बाराव्या कॅसेटवर भरलं होतंत. मी कुणाला सांगणार नाही. फक्त ती कॅसेट अम्मीच्या कपाटातून काढा, लावून बघू नका (जुनी फीत तुटेल), आणि शुक्रवारी इकडे दोह्याला येणाऱ्या हमजाकडे द्या. रविवारी तबिश ती मशीनवर चढवेल. शेवटची चारेक मिनिटं निघतील, असं त्याला वाटतं. त्या चार मिनिटांत खेळ थांबलेला असू दे, अशी दुआ करा.