लॅम्बन्टचं कार्ड

३ फेब्रुवारी

चि. स्वल्पविराम हिस,
आत्याचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझ्या बाबांच्या इंग्रजी-मराठी शब्दकोशात मी एक खोटं वाक्य घातलं आहे आणि आता ते अर्पणपत्रिकेवर छापलं जाणार आहे. म्हणून हे पत्र. फोन केला असता, पण फोन दादाच्या खुर्चीशेजारी आहे आणि दादा खुर्चीतून हलत नाही.

पहिल्यापासून सांगते. तुला मध्ये मध्ये बोलायची खोड आहे, तुझं नावच त्यावरून पडलं. पत्रात ती सोय नाही हे बरं.

दादाचा नियम तुला पाठ आहे. शब्दाचा अर्थ कुणीही देईल, पण त्या अर्थाचं मराठी वाक्य कुणाच्या तरी तोंडून खरोखर निघालेलं हवं. टेबलाशी बसून रचलेलं चालायचं नाही. कार्डावर शब्द, अर्थ, वाक्य, कोण बोललं, कुणी ऐकलं आणि खाली तपासणाऱ्याची सही. ती सही तेवीस वर्षं माझी आहे. सुताराची वाक्यं आहेत, दाताच्या डॉक्टरांची आहेत, वरच्या मजल्यावरच्या भांडकुदळ बाईंची तर चाळीस आहेत. तुझी सात आहेत, त्यातल्या पाच तक्रारी.

वहिनी गेली त्याच्या पुढच्या वर्षी काम 'एल'पाशी अडलं. शब्द होता लॅम्बन्ट. विशेषण आहे, अगदी पुस्तकी. बोलण्यात कुणी वापरत नाही. लॅटिनमधल्या 'चाटणे' या धातूवरून आलेलं. एखाद्या वस्तूवरून हलकेच फिरणारी, तिला न पोळता उजळणारी ज्योत किंवा उजेड. त्यावरून पुढे, कुणाला न झोंबता चमकून जाणारा विनोद. अर्थ दादाने अर्ध्या तासात लिहिला. वाक्य आठ महिने मिळालं नाही. खरं म्हणजे तो शोधतच नव्हता. कार्ड समोर ठेवून नुसता बसायचा. दाढी करणं सोडलं होतं. जेवायला हाक मारली तर येतो म्हणायचा आणि यायचा नाही.

एका दुपारी मी ते कार्ड उचललं आणि लिहिलं: "वीज आली तरी दिवा लावू नका, मेणबत्तीचा उजेड भिंतीला नुसता चाटतोय, खात नाहीये." बोलणारी, वहिनी. ऐकणारी, मी. खाली सही ठोकली. दादाला म्हटलं, तिच्या आजारपणात मी इथे होते ना, तेव्हाचं आज आठवलं. त्याने वाचलं, उठून दाढी केली आणि दुसऱ्या दिवशी पुढचं कार्ड घेतलं.

एकोणीस हजार कार्डांत एक कुठे दिसतंय, असं मी अकरा वर्षं समजत होते. परवा मुद्रक अर्पणपत्रिकेचं प्रूफ घेऊन आले. वर हेच वाक्य, खाली तुझ्या आईचा उल्लेख. त्यांनी सहज विचारलं, हे कधीचं? तर दादा सांगायला लागला. तो स्वतः दारात उभा होता म्हणे. हातात टॉर्च होता, तो त्याने बंद केला. वहिनीच्या पायांवर निळी शाल होती आणि ती भिंतीकडे बघत होती.

अशी संध्याकाळ झालेलीच नाही. मी एक ओळ लिहिली, त्याने तिच्याभोवती खोली बांधली आणि आत तुझ्या आईला बसवलं. मी समोर बसून होते. हातातली पेन्सिल खाली ठेवता येईना.

प्रुफं वीस तारखेपर्यंत द्यायची आहेत. आईची पत्रं तुझ्याकडे आहेत. त्यांत उजेडाबद्दल तिचं एखादं खरं वाक्य असेल तर ताबडतोब उतरवून पाठव.

गिऱ्हाइकांचे डोळे तपासता तपासता स्वतःचेही सांभाळ. लोभ आहेच, तो बोलून दाखवायची मला सवय नाही.

आत्या


८ फेब्रुवारी

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र दुकानातच फोडलं. समोर एक आजोबा तक्त्यावरची अक्षरं वाचत होते. त्यांनी तिसरी ओळ साफ चुकीची वाचली आणि मी शाब्बास म्हणाले. पुन्हा बोलावलंय त्यांना.

आत्या, तू आणि खोटं! पुस्तकाच्या समासात पेन्सिलने मांजर काढलं म्हणून तुझ्या कॉलेजच्या ग्रंथालयाला मला माफीपत्र लिहायला लावणारी तू! मी आठ वर्षांची होते. ते पत्र तू फाइलला लावलंस, तारखेचा शिक्का मारून.

आईची सगळी एकसष्ट पत्रं वाचली. उजेड चार ठिकाणी आहे. जिन्यातला दिवा गेलाय, बाबांना तीनदा सांगितलं. दुकानात खिडकीकडे तोंड करून बस. जिन्यातला दिवा अजून तसाच. आणि शेवटी, जिन्यातला दिवा मीच बदलला, बाबा खाली उभे राहून त्या दिव्याला इंग्रजीत काय म्हणतात ते सांगत होते. तुझ्या कार्डाला यातलं काय चालणार? खरं सांगू का, ते वाक्य आईचं वाटतच नाही. आई म्हणाली असती, मेणबत्ती सरकवा, भिंतीला काजळी धरतेय.

पण माझं ऐकशील तर बाबांना सांगू नकोस. हृदयाच्या शस्त्रक्रियेला तीनच महिने झालेत. डॉक्टर म्हणालेत, मनाला धक्का नको. आणि नुकसान कुणाचं होतंय? वाचणाऱ्याला अर्थ बरोबर मिळतोय. बाबांना एक संध्याकाळ जास्तीची मिळाली आहे. आई बसली आहे ना तिथे, राहू दे की बसलेली.

आई गेली त्या सुमारास मी दर रविवारी दहा मिनिटं फोन करत होते. तू आलीस ती घर बंद करून आलीस आणि राहिलीस. तुला बोल लावायचा हक्क मला नाही.

तुझा राग हाच तुझा लोभ, हे मला कळायला चाळीस वर्षं लागली. तो असाच असू दे.

तुझी
स्वल्पविराम


१३ फेब्रुवारी

चि. स्वल्पविराम हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

पत्र चांगलं लिहिलं आहेस. ऐकणार नव्हते, ऐकलं नाही.

वहिनीच्या नावावर दोनशे बारा कार्डं आहेत. दोनशे अकरा खरी. पण उद्या कुणी विचारलं की हे सगळं ती बोलली कशावरून, तर उत्तर एकच, खाली सही आहे. ती सही कसली आहे हे मला माहीत असताना मी गप्प बसायचं कसं? दुधात मिठाचा खडा मीच टाकला होता.

मंगळवारी न्याहारीनंतर सांगितलं. आधी त्याची गोळी दिली, नाडी पाहिली, मग सांगितलं. आडवळणं घेतली नाहीत. त्याने पहिल्यांदा विचारलं, पेनने लिहिलंस की पेन्सिलीने. मी म्हटलं, पेनने. मग तो म्हणाला की त्याला टॉर्च नक्की आठवतोय. मी म्हटलं, तो टॉर्च वहिनी गेल्यानंतर मी आणला, पावती दाखवते. हे बोलायला नको होतं. एकदा जीभ सुटली की मला आवरत नाही, तुला माहीत आहे.

त्याने वहिनीच्या कार्डांचं खोकं काढलं. मग म्हणाला की तिची म्हणून त्याच्याजवळ जी वाक्यं होती, त्यातलं कुठलं तिचं आणि कुठलं माझं हे आता त्याला ओळखता येणार नाही. मी म्हटलं, बाकी एकही माझं नाही, शपथ घेते. तो म्हणाला, शपथेखाली सही कोण करणार?

आता दोनशे बारा कार्डं पलंगावर पसरली आहेत. एकेक उचलतो, वाचतो, पालथं ठेवतो. मुद्रकाला कळवलं आहे की छपाई थांबवा, पुढचं सांगेन तेव्हा. नाहीच सांगितलं तर तेवीस वर्षं बुटांच्या खोक्यांत जातील. माझ्याशी कामापुरतं बोलतो. दाढी तीन दिवसांची झाली आहे.

त्यानेही तुला लिहिलं आहे. काय ते मला दाखवलं नाही. पाकीट चिकटवायला मात्र मलाच दिलं.

मी केलं ते बरोबर होतं. तरी तुझ्या चार ओळी आल्या तर बरं वाटेल.

आत्या


१३ फेब्रुवारी

चि. बाळ,
अ. आ. वि. वि.

सोबत तुझ्या आईची दोनशे अकरा वाक्यं क्रमांक घालून पाठवतो आहे. जी तू स्वतःच्या कानांनी ऐकलीस, फक्त त्यांपुढे खूण कर. आईच्या तोंडी शोभतं म्हणून करू नकोस. शोभणारं वाक्य कसं रचता येतं ते मी पाहिलं आहे.

दया करू नकोस. केलीस तर मला कळणार नाही, आणि तेच मला नको आहे.

प्रकृती ठीक. तुझी आत्या दिवसातून चार वेळा नाडी बघते आणि पाचव्यांदा घड्याळ चालतंय ना ते बघते. मी तिच्याशी फार बोलत नाही. तिला ते लागतं आहे हे दिसतं, पण माझं तोंड उघडत नाही. काय करू?

तुझा लोभ हा एकच शब्द मी न तपासता घेत आलो आहे.

बाबा


१८ फेब्रुवारी

ती. बाबांस आणि ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

पत्र दोघांना मिळून आहे. बाबांनी मोठ्याने वाचावं, आत्याने मध्ये व्याकरण काढू नये.

दुपारभर दुकान बंद ठेवलं आणि सगळी यादी वाचली. मी ऐकलेली चौसष्ट. एकही जास्त नाही. क्रमांक सतरा, 'चष्मा कपाळावर आणि शोध पृथ्वीवर', हे आई बाबांना म्हणाली तेव्हा मी टेबलाखाली सांडलेली कार्डं गोळा करत होते. चष्मा कुठे आहे ते मलाही माहीत होतं, पण तिने डोळ्यांनी दटावलं होतं. बाबा, तुमचे कान लाल झाले होते, आणि सगळ्यांत जास्त तुम्हीच हसलात. क्रमांक एकशे चाळीसबद्दल हरकत आहे. 'जिभेला हाड नाही तर निदान दार तरी लाव' हे वरच्या बाईंना नाही, मला म्हटलं होतं. तो मान माझा आहे, दुरुस्ती व्हावी.

उरलेली एकशे सत्तेचाळीस मी ऐकलेली नाहीत. मी घर सोडल्यानंतरची बरीच आहेत. त्यांना मी साक्षीदार होऊ शकत नाही.

पण बाबा, एक विचारते. तेवीस वर्षांत आत्याचं खोटं किती वेळा सापडलं? एकदा. आणि ते पकडलं कुणी? तुम्ही नाही, मी नाही, मुद्रकांनी नाही. तिचं तिनेच आणून दिलं, तेही तुम्ही आनंदात असताना आणि कुणालाही संशय नसताना. उरलेल्या कार्डांना याहून चांगला साक्षीदार मला तरी माहीत नाही.

आणि ते आठ महिने. दर रविवारी मी विचारायचे, बाबा कसे आहेत? आत्या सांगायची, उत्तम, काम जोरात आहे. तिथेही ती खोटंच बोलत होती. आत्या, त्याचा जाब मी तुला विचारत नाही. जवळ येऊन बसायला हवं होतं, ते मीच केलं नाही.

दोघांनी एकमेकांवर रुसायला अजून पुष्कळ वर्षं आहेत. आधी पुस्तक द्या. माया पातळ होऊ देऊ नका.

स्वल्पविराम


२१ फेब्रुवारी

चि. स्वल्पविराम हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र दादाने तीनदा वाचलं. सतराला हसला. एकशे चाळीस तिथल्या तिथे दुरुस्त केलं आणि म्हणाला की तुलाच म्हटलं असणार, हे त्याला आधीच कळायला हवं होतं. मग कार्डं गोळा करून खोक्यात भरली आणि मला हाक मारली.

लॅम्बन्टचं नवं कार्ड त्याने स्वतः लिहिलं होतं. अर्थ तोच. वाक्याच्या जागी 'बोलण्यात ऐकलेलं नाही.' मला म्हणाला, तपास. मी म्हटलं, मी कशी तपासू? तो म्हणाला की दुसरा तपासनीस ठेवायला त्याच्याकडे आता तेवीस वर्षं नाहीत. मी तपासलं. सही केली.

मग त्याने विचारलं की ते वाक्य मला सुचलं कुठून. सांगितलं. त्या दुपारी मी भांडी घासत होते. परातीतल्या पाण्यावर ऊन पडून त्याची तिरीप भिंतीवर हलत होती. तो म्हणाला, मग स्वतःचं नाव का नाही घातलंस? मी म्हटलं, मी काही बोलले नव्हते. स्वयंपाकघरात दुसरं कुणी नव्हतंच.

त्याने नवं कार्ड प्रुफांवर ठेवलं. थोड्या वेळाने म्हणाला की ती संध्याकाळ अजून जात नाही. टॉर्च खोटा आहे हे माहीत असूनही दिसतो. ती संध्याकाळ माझ्या ओळीतून आली हेही माहीत आहे, तरी ती त्याला ठेवून घेता येईल का? मी म्हटलं, ठेव.

आज सकाळी दाढी केली. गालावर कापून घेतलं आणि दोष मी आणलेल्या नव्या ब्लेडला दिला.

मुद्रक दुपारी येऊन गेले, एक दिवस उशीर झाला म्हणून कुरकुरत. काय दिलं ते लिहून ठेवते, एक प्रत तुझ्याकडे असावी. लोभ दोघांचा आहे. दादाचा त्याच्या अक्षरात पुढच्या पत्री.

आत्या

मुद्रकांच्या हाती दिलेलं:
तपासलेली प्रुफं, एक हजार एकशे चार पानं.
अर्पणपत्रिका, एक. वाक्य काढलं. आता फक्त 'तिला, दोनशे अकरा वाक्यांसाठी'.
लॅम्बन्टचं नवं कार्ड, एक. अक्षर दादाचं, सही माझी.

मुद्रकांना न दिलेलं:
लॅम्बन्टचं जुनं कार्ड, एक. दादाने मागितलं. दादाला दिलं.